चार बोटं बागायत

गच्चीवर माती न्यायची परवानगी भगवानरावांनी दिली खरी, पण चार बोटांची. त्यांनी स्वतःची चार बोटं आडवी धरून दाखवली आणि बजावलं, "एवढीच. ह्याच्यावर एक तीळ चढला न्हाई पायजे." भगवानरावांची बोटं चांगली जाडजूड होती, म्हणून भाडेकरू महारुद्ररावांना मनातून हायसं वाटलं. महारुद्ररावांच्या बारीक बोटांनी मोजायचं ठरलं असतं तर कोथिंबिरीलासुद्धा अंग चोरून उभं राहावं लागलं असतं.

भगवानराव घरमालक. घराच्या मागच्या अर्ध्या भागात ते राहत, पुढच्या अर्ध्यात दुधाटे भाड्यानं, आणि दोघांच्या डोक्यावर एकच गच्ची. तिचा उतार मात्र सगळा मालकाच्या बाजूला. भगवानरावांची उभी नोकरी पाटबंधारे खात्यात गेली होती, आणि तीही भिंतींची गळती तपासण्यात. त्यामुळे भिंतीला साधा घाम आला तरी ते खडूनं खूण करून ठेवत. "धरण गळलं तर सरकारचं गळतंय," ते म्हणत, "स्लॅब गळला तर माझा गळतोय."

महारुद्र दुधाटे हे पालमच्या बसस्थानकावर वाहतूक नियंत्रक. नाव ऐकून माणूस दारात वाकून येणारा असेल असं वाटे, आणि येई तो टेबलामागं बसला की फक्त टोपी दिसणारा. पण देवानं सगळी कसर आवाजात भरून काढली होती. स्पीकर बंद पडला तरी त्यांची गाडी कधी अडली नाही. घरातही ते त्याच सुरात बोलत. "जेवायला बसणाऱ्यांनी हात धुऊन घ्यावेत" हे वाक्य कमलबाई लग्न झाल्यापासून ऐकत आल्या होत्या.

दुधाट्यांकडं रान नव्हतं. महारुद्ररावांचे वडीलही एसटीतच मेकॅनिक, त्यामुळं त्या घरात माती यायची ती फक्त पायताणाला चिकटून. पण ज्या माणसाला दिवसभर शेतकऱ्यांना गाड्यांत बसवून द्यायचं असतं, त्याच्या डोक्यात कधी ना कधी पेरणी होतेच. पावसाळा लागला, कूलर पुसून माळ्यावर चढले, आणि पालमच्या भंगारवाल्यांकडं जुन्या कूलरांचे पत्र्याचे टब येऊन पडले. पसरट, उथळ, तळाला गंजून आपोआप भोकं पडलेले. महारुद्ररावांना ते पाहून एकदम वाटलं की हे आपल्यासाठीच गंजले आहेत.

टब गच्चीवर चढले. आता प्रश्न आला, चार बोटं मातीत लावायचं काय?

हा प्रश्न त्यांनी बसस्थानकावर मोठ्यानं विचारला, हीच चूक झाली. गाडीची वाट बघणाऱ्या माणसाला दुसरं कामच नसतं. एकानं सांगितलं, भुईमूग लावा, शेंगा वरच्या वरच लागतात. दुसरा म्हणाला, भुईमूग कशाला, मुळा लावा, मुळ्याला कायच लागत न्हाई. तिसऱ्यानं आपली गाडी लागलेली असताना ती सोडून दिली आणि हळदीवर इतका वेळ बोलला की त्याला दुसरी गाडीही चुकली. चुडाव्याच्या एका म्हाताऱ्यानं तर खूप वेळ विचार करून विचारलं, "माती वाढवता येत न्हाई का?" महारुद्रराव म्हणाले, घरमालक ऐकत नाही. म्हातारा म्हणाला, "मंग घरमालक बदला."

कमलबाईंचं मत सरळ होतं. "मेथी टाका, कोथिंबीर टाका. त्यांची मुळं केवढी, माती केवढी. झालं की."

"मेथी?" महारुद्ररावांचा आवाज दुखावला. "मेथी ही काय शेती झाली? भाजी झाली ती. आपल्या भागात लोक काय लावतात? तूर लावतात. कापूस लावतात."

"लोकांच्या रानाला तळ नसतो," कमलबाई म्हणाल्या. "तुमच्या रानाला पत्रा हाय."

पण माणसाला एकदा शेतकरी व्हायचं म्हटल्यावर तो जुडीनं मोजायच्या पिकावर समाधान मानत नाही. निम्म्या टबांत तूर गेली, दोनांत कापूस, एकात मुळा. माती गोदाकाठची, ओळखीच्या गाडीच्या टपावरून पोत्यात आली. भगवानराव पट्टी घेऊन वर आले, प्रत्येक टबात ती उभी रोवून बघितली, आणि एका टबातली ओंजळभर माती जास्त भरली म्हणून स्वतःच्या हातानं काढून खाली घेऊन गेले. तिचं त्यांनी पुढं काय केलं ते कळलं नाही.

पेरणीच्या आधी कुणीतरी सांगितलं होतं की परसबागेसाठी सरकारकडून बियांची पाकिटं फुकट मिळतात. महारुद्रराव रजा टाकून एका कार्यालयात गेले. तिथल्या साहेबांनी त्यांना आदरानं बसवलं, पाणी दिलं आणि सातबारा मागितला.

"गच्ची आहे," महारुद्रराव म्हणाले.

"गच्ची असू द्या. गट नंबर काय?"

"गच्चीला गट नंबर नसतो, साहेब."

"मग तुम्ही शेतकरी नाही."

"म्हणूनच तर परसबाग करायलोय."

"परसबाग घराच्या मागं असती. तुमची कुठंय?"

"घराच्या वर."

साहेबांनी खिडकीतून वर पाहिलं, जणू ती तिथूनच दिसणार होती. मग म्हणाले की वरचं आपल्याकडं येत नाही. ते कुणाकडं येतं असं विचारल्यावर त्यांनी इतक्या प्रामाणिकपणे "माहीत नाही" म्हणून सांगितलं की महारुद्ररावांना त्यांच्यावर रागावताही येईना. येताना त्यांनी बाजारातून पदरच्या पैशांनी बी आणलं, आणि घरी सांगितलं की सरकारी बी हलक्या प्रतीचं होतं.

तूर मात्र उगवली. नुसती उगवली नाही, श्रावणात गुडघ्याला लागली आणि भादव्यात कमरेला. महारुद्रराव रोज ड्यूटीवर जायच्या आधी वर जाऊन दोन्ही हात मागं बांधून तिच्यातून फिरत. फिरायला जागा चारच पावलांची होती, पण ती ते सावकाश फिरत. मुळ्यानं जरा निराशा केली. तो सरळ खाली गेला, पत्र्याला थडकला आणि काटकोनात वळला. ओट्यावर ठेवला की आपोआप डुलायचा. कापसाला एकच बोंड आलं. तरी त्यांनी बिरदेवला मुद्दाम घरी चहाला बोलावून ते दाखवलं.

बिरदेव हा पालम ते राणीसावरगाव गाडीवरचा कंडक्टर. मनाचा चांगला, पण तिकिटाबरोबर बातमीही फाडून द्यायची सवय असलेला. त्यानं तुरीवरून हात फिरवला, बोंड बघितलं, म्हणाला, "लय भारी, सायेब. बागायतदार झाले की तुमी." त्या शब्दावर महारुद्ररावांनी त्याला दुसरा चहा पाजला.

पुढं जे घडलं त्याचं मूळ त्या दुसऱ्या चहात आहे.

दुधाट्यांचा मुलगा माऊली एकोणतिशीला टेकला होता. एका खासगी प्रयोगशाळेत रक्त तपासायचा. अंगानं बापावर गेलेला, आवाजानं आईवर. मुलगा निर्व्यसनी, पगार वेळेवर, तरी स्थळं येत आणि दारातून परत जात. बोलणं चांगलं चाललेलं असताना समोरचा पाहुणा पोह्यांची बशी खाली ठेवी आणि विचारी, "शेती?" मग महारुद्ररावांचा तो स्टँडभर घुमणारा आवाज एकदम स्वयंपाकघरापर्यंतही जात नसे. "न्हाई," ते म्हणत. पाहुणे "कळवतो" म्हणून उठत. कळवतो म्हणजे काय हे आता घरातल्या मांजरालाही कळू लागलं होतं. त्या रात्री माऊली दोन पोळ्या कमी खायचा आणि कमलबाई त्या मोजायच्या.

नवरात्र बसायच्या सुमाराला परतीच्या पावसाचं वारं सुटलं. भगवानराव त्या वेळी अंगणात खुर्ची टाकून पेपर वाचत होते. वर तुरीनं एकदा मान हलवली, दोनदा हलवली. तिची मुळं केव्हाच पत्र्याला टेकून आडवी पसरली होती, धरायला खाली काही नव्हतं. तिसऱ्या झोताला कठड्यालगतची सगळी रांग एकमेकींचा हात धरून निघाली. भगवानरावांना आधी वाटलं अंधारून आलं. मग त्यांच्या मांडीवर, पेपरावर, चष्म्यावर आणि चहाच्या कपात तूर उतरली, मुळाला घट्ट धरलेल्या मातीसकट.

त्यांना लागलं काहीच नाही. पण ते तुरीखालून बाहेर आले ते एक नवा कायदा घेऊनच. "दुधाटे! आजपासून एका फुटाच्या वर कायच न्हाई! खाली चार बोटं, वर एक फूट!"

अशा रीतीनं दुधाट्यांच्या शेतीला खालून आणि वरून अशी दोन्हीकडून हद्द आखली गेली. महारुद्रराव खचले. आडव्या पडलेल्या तुरीकडं बघत ते जिन्याच्या शेवटच्या पायरीवर बसून राहिले. कमलबाईंनी उरलेली उंच झाडं काढली आणि मोकळ्या टबांतली माती हातानं भुसभुशीत केली. धने लाटण्यानं रगडून दोन फाका केल्या आणि टाकल्या. मेथी टाकली. चुका, पालक, शेपू टाकला. घरातले मोड आलेले कांदे, लसणाच्या पाकळ्या आणि पुदिन्याच्या काड्या खोचल्या. टब कमी पडले तेव्हा त्यांनी माळ्यावरून आपल्या लग्नातल्या आहेराच्या तीन पराती काढल्या. माऊलीनं खिळ्यानं भोकं पाडून दिली. एका भोकात मामांचं अर्धं नाव गेलं. "मामा जिवंत हाईत अजून," महारुद्रराव क्षीणपणे म्हणाले. "त्यांना परात दाखवायचीच न्हाई," कमलबाई म्हणाल्या.

मेथी बोटभर वर आली आणि बिरदेव गाडी फलाटाला लावून पळतच नियंत्रकाच्या खिडकीशी आला.

"सायेब, काम झालं!"

"कोणतं?"

"माऊलीचं. राणीसावरगावच्या भुजंगरावांची पोरगी. राजनंदिनी. तलाठी हाय, सायेब! माझ्याच गाडीनं रोज सज्जाच्या हापिसात जाती. लय गुणी. मी भुजंगरावांपाशी माऊलीचा विषय काढला. त्यांनी एकच इचारलं, शेती हाय का."

महारुद्ररावांनी डोळे मिटले. "मग?"

"म्हनलं, हाय."

"बिरदेव!"

"खोटं हाय का? तुमीच तर दाखवली. तूर हाय, कापूस हाय, भाजीपाला हाय. म्हनलं, समदी बागायती."

"गच्चीवर आहे हे सांगितलंस का?"

"त्यांनी इचारलंच न्हाई. कुठं हाय म्हनले, तर मी म्हनलं घराला लागूनच हाय." बिरदेवनं डबल बेल मारावी तसा समाधानानं श्वास सोडला. "येत्या ऐतवारी यायलेत. घर बी बघतो म्हनले, रान बी बघतो म्हनले."

त्या दिवशी स्टँडवर परभणीची गाडी गंगाखेडच्या नावानं पुकारली गेली. लोक म्हणाले, साहेबांची तब्येत बरी दिसत नाही.

घरी माऊली म्हणाला, "मी फोन करतो आणि खरं सांगतो."

कमलबाई म्हणाल्या, "सांगच."

"थांबा," महारुद्रराव म्हणाले. खरं त्यांनाही सांगायचंच होतं. पण आतापर्यंत सगळे पाहुणे पोह्यांच्या बशीवरून उठून गेले होते. एकदा, फक्त एकदा, कुणीतरी गच्चीपर्यंत यावं आणि मग नाही म्हणावं असं त्यांना वाटत होतं. हे त्यांना शब्दांत सांगता येईना, म्हणून ते म्हणाले, "रविवारपर्यंत पालक वाढंल जरा."

रविवार उजाडला. महारुद्ररावांनी पहाटेच उठून टबांना पाणी घातलं. मग वाटलं, ऊन आहे, पानं मलूल दिसायला नकोत, म्हणून पुन्हा घातलं. पाहुण्यांची गाडी कोपऱ्यावर दिसली तेव्हा घाबरून पाइप लावून ठेवला तो तसाच राहिला.

भुजंगराव उंचपुरे, पांढऱ्या मिशांचे, कमी बोलणारे. दारातून येताना खरोखरच वाकून आले. सोबत त्यांच्या बायको तानुबाई आणि राजनंदिनी. राजनंदिनीनं बसल्या बसल्या खोलीवरून एक नजर फिरवली, हद्द मोजल्यासारखी. माऊली समोर आला, नमस्कार केला आणि कुठं बसावं ते न कळून उभाच राहिला.

पोहे आले. भुजंगरावांनी दोन घास खाल्ले, बशी खाली ठेवली.

"चला," भुजंगराव उठले. "ऊन तापायच्या आत रान बघून घेऊ. मग निवांत बोलू." त्यांनी धोतराचा सोगा वर खोचला. "गाडी काढायला सांगू का?"

"नको. गाडी नको."

"पायीच हाय व्हय? बरं हाय. मधी वढा-नाला लागतो का?"

"न्हाई," महारुद्रराव म्हणाले. "जिना लागतो."

भुजंगरावांना वाटलं वरून रान दाखवतात. ते कठड्याशी जाऊन उभे राहिले, कपाळावर हात धरून लांब पाहू लागले. "कोणतं? त्या लिंबाच्या पल्याडचं?"

"अलीकडचं."

"ते पाण्याच्या टाकीपाशी हिरवं दिसायलंय ते?"

"त्याच्याही अलीकडचं."

भुजंगरावांनी नजर हळूहळू आत आत आणली. टाकी झाली, गल्ली झाली, भगवानरावांचं अंगण झालं. शेवटी ती स्वतःच्या पायांशी येऊन थांबली. "त्याच्या अलीकडं तर आपुन उभं हाव."

"तेच," महारुद्रराव म्हणाले.

महारुद्ररावांना शांतता कधीच सोसली नाही. त्यांनी घसा साफ केला आणि त्यांच्या नकळत स्टँडवरचा आवाज बाहेर पडला. "डाव्या हाताला मेथी. तिच्या शेजारी चुका. परातीमध्ये कोथिंबीर. उजव्या बाजूला कांद्याची आणि लसणाची पात. एकूण रान एवढंच, आणि ते चार बोटं खोल आहे." इथं आवाज फाटला. "भुजंगराव, आमच्याकडं शेती न्हाई. आजोबाकडं नव्हती, बापाकडं नव्हती. बिरदेवची चूक न्हाई, मीच त्याला बोंड दाखवलं. तुमाला पोह्यावरच सांगायला पायजे होतं."

तेवढ्यात जिन्यावर धाडधाड पावलं वाजली आणि भगवानराव वर आले. डोक्यापासून ओले. हातात भिजलेली पोथी. "दुधाटे! माझ्या देवघरात धार लागलीय! गणपतीच्या डोक्यावर! कालवा फोडला का काय तुमी?"

माऊलीनं पाइप आधी बंद केला, मग कोपऱ्यातली बादली आणि पोतेरं उचललं आणि खाली पळाला. नवरा मुलगा म्हणून त्याला आज जे काही वागायचं होतं ते सगळं तो विसरून गेला. भगवानराव पाहुण्यांना पाहून जरा ओशाळले. "नमस्कार. पाटबंधारे खात्यात होतो मी," ते म्हणाले. त्या अवतारात हे सांगायची खरं तर गरज नव्हती.

भुजंगराव त्यांच्याकडं बघत होते. त्यांच्या मिशा हलल्या. "बागायती हाय म्हणला होता बिरदेव," ते म्हणाले. "तेवढं तर खरं निघालं."

हसले का रागावले ते महारुद्ररावांना उमजेना. तोच मागून तानुबाईंची हाक आली.

"अवं! हिकडं या. घोळ!"

तानुबाई एका टबाशी उकिडव्या बसल्या होत्या. तूर जिथून उपटून गेली होती त्या टबात, कुणी न पेरता, लालसर देठांची, जाड पानांची घोळ पसरली होती. पत्र्याच्या काठावरून खाली लोंबत होती. महारुद्रराव घाईघाईनं म्हणाले, "ते तण आहे. काढायचं राहून गेलं."

"तण?" तानुबाईंनी एक देठ खुडला आणि तिथंच तोंडात टाकला. "हरभऱ्याची डाळ घालून करत होते की मी. सासूबाई होत्या तवर रानातून पदरभर आणीत होतो. आता कुठली?" त्या नवऱ्याकडं वळल्या. "तुमच्या एवढ्या मोठ्या रानात सोयाबीन हाय, ऊस हाय. फवारून फवारून बांधावर सुदिक काय ठिवलं न्हाई. कोथिंबिरीची काडी लागली तरी बाजाराच्या दिसाची वाट बघावी लागती मला."

भुजंगरावांना हे चारचौघांत ऐकून घ्यायची सवय नसावी. ते टबाशी वाकले, मातीत बोट घातलं. बोट पत्र्याला टेकलं. त्यांनी ते बाहेर काढून बघितलं आणि पुन्हा घातलं.

राजनंदिनी म्हणाली, "बाबा, मला माहीत होतं."

"काय?"

"गच्चीचं. बिरदेवकाकांनी तुम्हाला अर्धं सांगितलं, मला गाडीत पूर्ण सांगितलं. तूर कुणाच्या अंगावर पडली तेसुद्धा." भगवानरावांनी पोथी झटकली. "मीच म्हणलं त्यांना, बाबांना सांगू नका, येऊ द्या."

"कामून?" भुजंगराव म्हणाले.

"रोज काय बघते मी? वीतभर बांधासाठी सख्खे भाऊ कचेरीत एकमेकांच्या अंगावर धावायलेत. आईच्या तेराव्याला वाटणीचा अर्ज येतोय. जेवताना डोळ्यांपुढं बांधच दिसतो मला." तिनं गच्चीवरून नजर फिरवली. "एक तरी घर असं पाहिजे होतं जिथं मोजायला काही नाही. आणि तुम्ही शेतीशिवाय स्थळ बघायलाच तयार नव्हता. मग आणलं तुम्हाला."

कमलबाई पदरानं तोंड झाकून हसत होत्या. माऊली जिन्यातून वर आला, पँट गुडघ्यापर्यंत भिजलेली, हातात बादली. "काका, देवघर कोरडं केलं. गणपती पुसून उन्हात ठेवलाय," तो भगवानरावांना म्हणाला, आणि मग त्याच्या ध्यानात आलं की सगळे त्याच्याकडंच बघताहेत.

राजनंदिनीनं विचारलं, "तुम्हाला शेती आवडते का हो?"

माऊलीनं बापाकडं पाहिलं, मग टबांकडं. "खरं सांगू? न्हाई," तो म्हणाला. "मला रक्त तपासता येतं. पण बाबांना आवडती, म्हणून परातीला भोकं मी पाडून दिली."

ती हसली. मोठ्यानं नाही, पण माऊलीला पुरेल एवढं.

नंतर गच्चीवरची मेथी काढून भाजी झाली, लसणाच्या पातीचा ठेचा झाला. भगवानरावांनाही बसवून घेतलं. भुजंगराव दोनदा भाजी मागून घेऊन जेवले, पण स्थळाचा विषय काढला नाही. निघताना त्यांनी पायताणं घातली, टोपी नीट केली आणि म्हणाले, "कळवतो."

महारुद्रराव दारात तसेच उभे राहिले. तानुबाईंनी मात्र घोळीचा टब मागून घेतला होता. गाडीच्या डिकीत सामान होतं, मागच्या सीटवर माय-लेकी बसल्या, म्हणून तो गंजका, गळका टब भुजंगरावांच्या मांडीवर आला. त्यांच्या पांढऱ्या धोतरावर तांबड्या पाण्याचा ओघळ उतरला. गल्लीच्या तोंडाशी गतिरोधक आला तेव्हा त्यांनी एका हातानं टब धरला आणि दुसऱ्यानं ड्रायव्हरला हळू घे म्हणून खुणावलं.

"कळवतो म्हणले," महारुद्रराव म्हणाले.

"तोंडानं म्हणले," कमलबाई म्हणाल्या.

सोमवार गेला, मंगळवार गेला. माऊलीनं मोबाइल दहादा बघितला आणि एकदाही बघितला नाही असं दाखवलं. बुधवारी महारुद्रराव ड्यूटीवरून येऊन चहा पीत होते तेव्हा फोन वाजला. त्यांचा फोन स्पीकरवरच लागायचा, बटण बिघडलं होतं.

"दुधाटे," पलीकडून भुजंगराव म्हणाले. मग हळू आवाजात, घरातल्या कुणाला ऐकू जाऊ नये असं, "ती घोळ जरा मान टाकायली. ह्याला पाणी किती घालायचं?"

महारुद्ररावांच्या हातातला कप तसाच राहिला. ज्याच्या रानात ट्रॅक्टर फिरतो तो माणूस त्यांना पिकाचं विचारत होता. त्यांनी खुर्चीत सरळ बसून घेतलं. "पाणी थोडंच घाला. माती सुकली की मगच. आणि ऊन लागू द्या तिला. सावलीत ठेवली का?"

"वसरीत ठिवली."

"मग बरोबर. अंगणात आणा. माती कमी असती ना, भुजंगराव, तर जादा पाण्यानं मुळं कुजतात. आमचं तेच झालं."

"तुमचं न्हाई, खालच्या गणपतीचं झालं," भुजंगराव म्हणाले, आणि आता मात्र ते हसत होते. "बरं. ऐका. दिवाळी झाली की तुमी समदे हिकडं या. तारखेचं बघू. भटजीला मी इचारून ठिवतो."

महारुद्ररावांनी कप खाली ठेवला. माऊली दाराशी उभा होता, कुठं बघावं ते त्याला कळेना.

"हाव ना?" भुजंगरावांनी विचारलं.

"हाव. हाव तर."

"आन पोरीची आई म्हनायली, येताना तुमचा पुदिना बी आना थोडा. मुळासकट. लावायचा म्हनती. कुठं, ते ती ठरवंल." ते थांबले. "आन बगा, मी तुमाला पिकाचं इचारलं हे गावात कुठं बोलू नका."

"बिलकुल न्हाई," महारुद्रराव म्हणाले. फोन खाली ठेवून वळून पाहतात तर स्वयंपाकघर रिकामं. कमलबाई केव्हाच गच्चीवर गेल्या होत्या. दिवाळीला अजून अवकाश होता, तरी पुदिन्याचं कोणतं रोप द्यायचं ते त्या आत्ताच बघून ठेवत होत्या.